द्वेषाच्या गटातून बाहेर पडताना : आधी काय, नंतर काय (कोल्हापूर जिल्ह्यापुरतं)

करवीर_वाचक (धागाकर्ता)

७ जून २०२३ ला मोबाइलच्या स्टेटसवरून कोल्हापूर पेटलं. दगडफेक, लाठीमार, अश्रुधूर आणि मग इंटरनेट बंद. पुढच्या वर्षी १४ जुलैला विशाळगडाजवळच्या गजापुरात घरं फोडली गेली. दोन्ही वेळा चर्चा झाली ती गर्दी कुणी जमवली याची. त्या गर्दीतल्या एखाद्या पोराला नंतर 'हे आता नको' असं वाटलं तर त्याने सोमवारी सकाळी उठून नेमकं काय करायचं, यावर कुणी बोललं नाही.

स्वीडनमध्ये १९९८ पासून आणि जर्मनीत २००० पासून 'एक्झिट' नावाने याच कामाच्या संस्था आहेत. जर्मनीतली संस्था बेर्न्ड वाग्नर या माजी पोलीस अधिकाऱ्याने आणि इंगो हासेलबाख या नवनाझी गट सोडलेल्या माणसाने मिळून काढली. सुरक्षा, कर्ज, घर, नोकरी, समुपदेशन हे सगळं तिथे एका छताखाली बघतात. इथे तेच काम वकील, समुपदेशक, पोलीस, तालीम आणि घर यांच्यात विखुरलेलं आहे. म्हणून क्रम महत्त्वाचा.

या धाग्यावर कुठल्याही संघटनेचं नाव नको. कुठल्या धर्माचा वा जातीचा गट हेही नको, कारण बाहेर पडायची पद्धत सगळीकडे सारखीच आहे. ज्यांना या कामाची माहिती आहे त्यांनी तपशिलात लिहावं, ही विनंती.

---

समुपदेशन_राजारामपुरी

घरच्यांसाठी आधी लिहिते. वाद घालू नका. इतिहासाचे पुरावे, आकडे, व्हिडिओ दाखवून कुणी गट सोडत नाही, कारण बहुतेक जण विचार पटला म्हणून गेलेलेच नसतात. १७ ते २२ वयात संध्याकाळी बसायला जागा मिळते, टोपणनाव मिळतं, वडील सीपीआरमध्ये (कोल्हापूरच्या सरकारी दवाखान्यात) असले की रात्री दोन वाजता चार जण येऊन उभे राहतात. विचार नंतर चिकटतो, तोही घोषणांपुरता. गट सोडला की हे सगळं एका दिवसात जातं. ती पोकळी न भरता बाहेर ओढलेला मुलगा परत जातो, किंवा विरुद्ध बाजूच्या तितक्याच कडव्या गटात जातो.

तोरे ब्योर्गो या नॉर्वेच्या अभ्यासकाने गट सोडण्याची कारणं दोन प्रकारांत मांडली आहेत : आतून ढकलणारी आणि बाहेरून ओढणारी. ढकलणारं सगळ्यात मोठं कारण म्हणजे पुढाऱ्यांबद्दलचा भ्रमनिरास. केस पोरांवर, जामिनाला कुणी फिरकत नाही आणि नेत्याची मुलं पुण्यात शिकतात. असा प्रश्न घरच्यांनी एकदाच विचारावा आणि सोडून द्यावा. रोज विचारला तर मुलगा नेत्याची बाजू घेऊ लागतो. मेगन फेल्प्स-रोपर यांनी २०१२ मध्ये अमेरिकेतल्या वेस्टबरो चर्चचा द्वेषप्रचार सोडला. त्याची सुरुवात झाली ती ट्विटरवर एका ज्यू माणसाने त्यांच्याच शिकवणीतली विसंगती शांतपणे विचारली तिथून. बाहेरचा युक्तिवाद परतवता येतो, आपल्याच घरातली विसंगती मात्र डोक्यात राहते.

आता कृती. आठवड्याचे सात दिवस कागदावर मांडा आणि गटात किती तास जातात ते लिहा. वीस तास निघाले तर त्यातले निदान बारा-पंधरा तास दुसरीकडे गुंतल्याशिवाय उघडपणे सोडायचं नाही. एकदम गायब झालं की चौकशीला माणसं घरी येतात. सहा ते आठ आठवड्यांत हळूहळू कमी होत जावं आणि कारण कंटाळवाणं असावं : शिरोली एमआयडीसीत रात्रपाळी, आयटीआयची परीक्षा, घरातलं आजारपण. 'मला तुमचे विचार पटत नाहीत' हे वाक्य या टप्प्यावर अजिबात नको. त्यावर वाद होतो, वादातून बैठक आणि बैठकीतून दबाव.

सुटल्यानंतरचे काही आठवडे झोप लागत नाही, चिडचिड होते, 'मी गद्दार' असं वाटतं. गणेशोत्सव, शिवजयंती, निवडणूक किंवा कुठलीही ताजी घटना घडली की परत जायची ओढ सगळ्यात जास्त असते. ते दिवस आधीच ओळखून गावाबाहेर, नातेवाइकांकडे काढावेत. जिवाचं बरंवाईट करण्याची भाषा आली तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ नंबरवर मराठीत बोलता येतं, दिवसरात्र. सीपीआरची मानसोपचार ओपीडी आहेच.

---

तालीम_आणि_मैदान

वरच्या ताईंनी तास भरायचं लिहिलंय, त्यावर थोडं. पोराला जिमला घालून भागत नाही, तिथं कुणी कुणाशी बोलत नाही. तालमीत घाला. पहाटे चारला उठायचं म्हटलं की रात्रीचा कट्टा आपोआप तुटतोय, कुणाला कारण सांगत बसावं लागत नाही. वस्ताद चांगला असंल तर गैरहजेरीचा जाब त्योच विचारतोय. फुटबॉलचा नाद असंल तर शाहू स्टेडियमचा सीझन धरा, सरावाला रोज संध्याकाळचे दोन तास जातात.

पण एक बघा. आपल्याच पेठेतली तालीम घेऊ नका. तिथं तेच कार्यकर्ते, तीच टाळकी. दुसऱ्या पेठेतली, जमलं तर गावाबाहेरची. आणि फुटबॉलमधी पेठापेठांची ईर्षा लै असते. नुसता प्रेक्षक म्हणून गेला तर तिथंबी हुल्लडबाजीच करणार. खेळाडू म्हणून नाहीतर लाइनमन, फर्स्ट-एड असल्या कामाला लावा. हातात जबाबदारी पाहिजे.

---

बावड्याची_वकील

कायद्याच्या बाजूने मुलांचे तीन प्रकार पडतात आणि तिघांचा रस्ता वेगळा.

पहिला : फक्त गटात होता, कुठल्याही गुन्ह्यात नाही. त्याने वरच्यासारखं शांतपणे निघावं, पोलिसांकडे जायची गरज नाही.

दुसरा : मागच्या एखाद्या प्रकारात होता किंवा नाव येऊ शकतं. 'मी मागे उभा होतो, दगड मारला नाही' याचा आधार समजतात तेवढा भक्कम नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम १९० प्रमाणे पाच किंवा जास्त जणांचा बेकायदेशीर जमाव असेल, तर समान उद्दिष्टासाठी एकाने केलेल्या गुन्ह्याला त्यातला प्रत्येक जण जबाबदार धरता येतो. अशाने आधी वकील गाठावा, मग पोलीस. पोलिसांपुढचा कबुलीजबाब त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही, पण त्याने दिलेल्या माहितीवरून एखादी वस्तू सापडली तर माहितीचा तेवढा भाग वापरता येतो. अटकपूर्व जामीन भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली कसबा बावड्यातल्या सत्र न्यायालयात. ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच असल्यामुळे मुंबईची वारी वाचली आहे.

तिसरा : पुढे काहीतरी घडणार आहे हे माहीत असलेला. इथे थांबायचं नाही. खून, दंगल अशा ठरावीक गुन्ह्यांची माहिती पोलिसांना देणं नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३३ ने बंधनकारक आहे. ११२ वर फोन करा, वकिलाला त्याच वेळी दुसऱ्या फोनवरून कळवा.

माफीच्या साक्षीदाराबद्दल पोरांमध्ये फार गैरसमज आहेत. पोलीस 'तुला सोडवतो' म्हणाले म्हणजे माफी नव्हे. त्याच संहितेच्या कलम ३४३ प्रमाणे माफी न्यायदंडाधिकारी देतात, तीही सत्र न्यायालयात चालणाऱ्या किंवा सात वर्षांपर्यंत वा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांतच. सगळं खरं आणि पूर्ण सांगणं ही अट असते. आधीच जामिनावर नसेल तर खटला संपेपर्यंत कोठडीत राहावं लागतं. ही शेवटची अट न कळता होकार दिलेला मुलगा मधेच फिरतो आणि मग दोन्ही बाजूंनी अडकतो.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण, तेही न्यायसंकुलातच. हेल्पलाइन १५१००. कोठडीतली व्यक्ती, महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमाती यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो.

---

शिये_फाटा

वकीलताई, तुमच्या दुसऱ्या प्रकारात फार वेळ जातो. सरळ पोलीस ठाण्यात जाऊन सांगितलं तर माणूस प्रामाणिक ठरतो. वकिलाबरोबर गेलं की संशय वाढतो.

---

बावड्याची_वकील

शिये फाटा, संशय वाढेल या भीतीनेच पोरं एकटी जातात. साक्षीदार म्हणून गेलेला संध्याकाळी आरोपी होऊन बसू शकतो, आणि तेव्हा त्याला स्वतःविरुद्ध बोलायचं बंधन नाही हे सांगायला शेजारी कुणी नसतं. जबाब द्यायचाच आहे तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर द्यावा. तिथे कबुलीआधी ताकीद मिळते, विचार करायला वेळ मिळतो. वकील गाठायला एक दिवस पुरतो, त्याने प्रामाणिकपणा कमी होत नाही.

---

शिये_फाटा

१८३ चा मुद्दा पटला.

---

नेटवर्क_उद्यमनगर

मोबाइलचं. ग्रुप सोडण्याआधी हे वाचा.

काहीही डिलीट करू नका. फोन रिसेट तर मुळीच नको. पुरावा म्हणून लागू शकणारा रेकॉर्ड नष्ट करणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. शिवाय तुम्ही त्या मेसेजला विरोध केला होता, याचा पुरावाही त्याच चॅटमध्ये असतो.

चॅट एक्स्पोर्ट करा : ग्रुप उघडा, तीन टिंब, मोअर, एक्स्पोर्ट चॅट. फोटो-व्हिडिओसह सुमारे १०,००० आणि त्याशिवाय ४०,००० मेसेज निघतात, म्हणजे जुन्या ग्रुपचं सगळं येत नाही. ग्रुपवर 'ॲडव्हान्स्ड चॅट प्रायव्हसी' चालू असेल तर एक्स्पोर्ट होतच नाही. मग दुसऱ्या फोनने स्क्रीनचे फोटो घ्या. ग्रुपचं नाव, पाठवणाऱ्याचा नंबर आणि तारीख-वेळ तिन्ही एका फ्रेममध्ये हवं. मेसेज आपोआप पुसले जायची मुदत २४ तास, ७ दिवस किंवा ९० दिवस असते. कोणती लावली आहे ते ग्रुप इन्फोत बघून घाई ठरवा. एक्स्पोर्ट केलेली फाइल कोर्टात एकटी पुरत नाही. मूळ फोन आणि साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं (इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचं) प्रमाणपत्र लागतं, म्हणून फोन विकू नका.

ग्रुप सोडला की फक्त ॲडमिनना कळतं, पण कोण बाहेर पडलं ती यादी बाकीच्यांना ६० दिवस दिसते. म्हणून एका दिवशी सगळे ग्रुप सोडू नका. आधी म्यूट आणि अर्काइव्ह, स्टेटस बंद, मग कमी महत्त्वाचे ग्रुप, मुख्य ग्रुप शेवटी. परत ओढून घेऊ नये म्हणून प्रायव्हसीत ग्रुप्स 'माय कॉन्टॅक्ट्स एक्सेप्ट' वर ठेवा आणि त्या लोकांना अपवादात टाका. लिंक्ड डिव्हायसेस बघा. मंडळाच्या कुठल्या तरी लॅपटॉपवर तुमचं व्हॉट्सॲप उघडं असतं आणि तुम्ही वकिलाशी काय बोलता ते तिथे दिसतं. टू-स्टेप पिन लावा.

ॲडमिन असाल तर आधी ॲडमिनपद सोडा. २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने सांगितलं आहे की सदस्याच्या पोस्टला नुसता ॲडमिन म्हणून कुणी जबाबदार ठरत नाही, समान इरादा दाखवावा लागतो. पण ते ठरेपर्यंत चौकशी आणि फोन जप्ती तुमच्याच वाट्याला येते.

आणि सिम. पोरांच्या आधारवर काढलेली सिम कार्डं दुसरेच वापरतात. संचार साथी पोर्टलवर तुमच्या नावावरचे सगळे नंबर दिसतात. अनोळखी असतील ते तिथूनच कळवून बंद करा.

---

हिशेब_लक्ष्मीपुरी

पैशावर कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. पोरांना विचारापेक्षा जास्त धरून ठेवतात ती उसनवारी आणि कागदावरची नावं. गाडी कुणाच्या नावावर, मोबाइलचा हप्ता कोण भरतं, वर्गणी कुणाच्या खात्यात जमा होते, याची यादी करा. वर्गणीसाठी आपलं खातं वापरायला दिलं असेल तर स्टेटमेंट काढून ठेवा आणि मगच ते खातं बंद करा. उसने पैसे यूपीआयने, कारण लिहून परत करा. रोख दिले तर देणं कधीच संपत नाही.

पावती पुस्तक आणि रोकड दोन साक्षीदारांसमोर परत द्या, शेवटच्या पावतीच्या क्रमांकाचा फोटो काढा. 'पैसे खाऊन पळाला' हा पहिला आरोप असतो. तो एकदा चिकटला की पुढे काहीही बोललात तरी कुणी ऐकत नाही.

मंडळ धर्मादाय कार्यालयात नोंदलेलं असेल आणि तुमचं नाव विश्वस्तांत असेल, तर नुसता राजीनामा पुरत नाही. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम २२ खाली फेरफार अहवाल ९० दिवसांत द्यायचा असतो. तो मंजूर होईपर्यंत रजिस्टरला तुमचंच नाव राहतं. राजीनाम्याची प्रत स्पीड पोस्टाने मंडळाला पाठवा, एक धर्मादाय कार्यालयात देऊन पोच घ्या.

घरात तलवारी-बिलवारी ठेवायला दिल्या असतील तर त्या परत नेऊन देऊ नका आणि पंचगंगेत तर मुळीच टाकू नका. वकिलामार्फत पोलिसांत जमा करा.

---

सेवानिवृत्त_करवीर

पोलिसांकडे जाताना काय करावं ते थोडक्यात. धमक्यांची वही ठेवा : तारीख, वेळ, नंबर, शब्द जसेच्या तसे, तिथे कोण होतं. 'शिवीगाळ केली' असं लिहू नका, काय म्हटलं ते लिहा. गुन्ह्याचं कलम त्या शब्दांवरून ठरतं. जिवे मारण्याच्या धमकीला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे, साध्या धमकीला दोन. निनावी धमकी असेल तर दोन वर्षं वरून वाढतात.

अर्ज लेखी आणि दोन प्रतींत द्या, एकीवर आवक शिक्का घ्या. एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) झाली म्हणून निराश होऊ नका. दोन-तीन एनसी हातात असल्या की पुढचा अर्ज हलका घेतला जात नाही. घटना जुन्या राजवाड्याच्या हद्दीतली आणि तुम्ही शाहूपुरीत असाल तरी झिरो एफआयआर होतो. एफआयआरची प्रत फुकट मिळते, ती मागा. नोंद नाकारली तर पोलीस अधीक्षकांना पोस्टाने पाठवा आणि तिथेही झालं नाही तर न्यायदंडाधिकारी.

साक्षीदार असाल तर २०१८ ची साक्षीदार संरक्षण योजना आहे. समितीवर जिल्हा न्यायाधीश अध्यक्ष, जिल्ह्याचे पोलीस प्रमुख सदस्य आणि अभियोग विभागाचे प्रमुख सदस्य सचिव. अर्ज सदस्य सचिवांमार्फत जातो, धोक्याचा अहवाल पाच कामाच्या दिवसांत यायला हवा, आणि संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपर्यंत मिळतं. मुदत संपण्याआधी आढाव्यासाठी अर्ज करायचं लोक विसरतात.

---

पन्हाळा_रोड

सगळं पटलं, पण गपचूप निघून काय उपयोग? एक व्हिडिओ करून सगळं उघडं केलं तर बाकीची पोरंही बाहेर पडतील.

---

संवाद_बिंदू_चौक

पन्हाळा रोड, तुमची कळकळ समजते. पण बाहेर पडल्या पडल्या केलेला व्हिडिओ जवळजवळ नेहमी उलटतो. मित्रांना तो विश्वासघात वाटतो आणि ती आणखी आत सरकतात. चालू केसमध्ये तोच व्हिडिओ तुमच्या विरोधात वापरला जातो. नावं घेतली की बदनामीची तक्रार, न्याय संहितेचं कलम ३५६. आणि सगळ्यात वाईट म्हणजे दोन दिवसांत विरोधी गट तुम्हाला स्टेजवर बोलावतो. एकदा त्या स्टेजवर चढलात की तुम्ही 'पलीकडचे' झालात, तुमचं म्हणणं संपलं.

डेरेक ब्लॅक यांचे वडील अमेरिकेतल्या मोठ्या गोऱ्या वर्चस्ववादी संकेतस्थळाचे संस्थापक. डेरेक यांचं मन बदलत गेलं ते कॉलेजातल्या एका ज्यू मित्राने दर शुक्रवारी जेवायला बोलावलं, त्या ओळखींतून. २०१३ मध्ये एक पत्र लिहून त्यांनी तो विचार सोडल्याचं जाहीर केलं आणि मग पुढची तीनेक वर्षं फारसे समोर आले नाहीत. ती शांतता फार कामाची असते.

माझ्या मते किमान वर्षभर थांबावं आणि केस असेल तर वकिलाच्या परवानगीशिवाय बोलूच नये. नंतर बोलायचं तर तीस जणांच्या आत, पालक, शिक्षक, मंडळांचे पदाधिकारी अशांपुढे. पंधरा मिनिटं बोलणं, अर्धा तास प्रश्न, समुपदेशक शेजारी, मोबाइल रेकॉर्डिंग बंद. मारामारीचं वर्णन करायचं नाही. मुलांना तेच रोमांचक वाटतं आणि माणूस नकळत पुन्हा हिरो होतो. सांगायचं ते भरती कशी होते : पहिला चहा कोण पाजतं, पहिलं छोटं काम काय देतात, घरच्यांपासून कसं तोडतात. ज्यांचं नुकसान झालं त्यांची माफी मागायची असेल तर कॅमेरा नको. मध्यस्थामार्फत विचारावं, आणि ते 'नको' म्हणाले तर तिथेच थांबावं. माफी स्वीकारायचं त्यांच्यावर बंधन नाही.

एकट्याला पुढे करू नका. १६ फेब्रुवारी २०१५ ला याच शहरात कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या, २० ला ते गेले. धोका खरा आहे. तीन-चार जणांनी आळीपाळीने, संस्थेच्या नावाने बोलावं.

गटाबाहेरच्या लोकांनाही करण्यासारखं खूप आहे. जर्मनीत वुन्झिडेल गावात नवनाझी दरवर्षी मोर्चा काढत. २०१४ मध्ये लोकांनी ठरवलं : त्यांच्या प्रत्येक मीटरमागे १० युरो, आणि जमलेले १०,००० युरो गट सोडणाऱ्यांना मदत करणाऱ्या एक्झिट संस्थेलाच. मोर्चेकऱ्यांना चालता चालता कळलं की आपण कुणासाठी पैसे जमवतोय. दगड नाही, शिवी नाही. आपल्या मंडळांना अशी वर्गणी जमवणं अवघड नाही.

शाहू महाराजांचं नाव भाषणात घेऊन उपयोग नाही, पोरांनी ते लहानपणापासून ऐकलेलं असतं. त्यापेक्षा मोहरमला पंजे बसवणाऱ्या तालमींत, बाबूजमालसारख्या ठिकाणी त्याला मांडव घालायला, पाणी द्यायला न्या. हिंदू-मुसलमान पोरं तिथे एकाच दोरीला हात लावतात. काम करताना ओळख होते, भाषण ऐकून होत नाही.

---

पन्हाळा_रोड

वुन्झिडेलचं आमच्या मंडळाच्या बैठकीत मांडतो. अजून एक विचारायचं होतं. पोलीस आणि सैन्य भरतीची तयारी करणाऱ्या पोरावर केस असेल तर फॉर्ममध्ये लिहावं का? अकॅडमीवाले लिहू नको म्हणतात.

---

बावड्याची_वकील

लिहावं. अवतार सिंग खटल्यात २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने दिलेली माहिती खरी हवी, असं स्पष्ट केलं आहे. केस किरकोळ असेल तर खरं सांगणाऱ्याचा विचार होऊ शकतो. लपवलेलं चारित्र्य पडताळणीत सापडलं तर निवड रद्द होऊ शकते, लागलेली नोकरीही जाऊ शकते. घटनेच्या वेळी वय १८ च्या आत असेल तर बाल न्याय कायद्याच्या कलम २४ प्रमाणे ते प्रकरण पुढे अपात्रता ठरत नाही, अगदी गंभीर गुन्ह्यांचे काही अपवाद सोडून. फॉर्म भरण्याआधी बाल न्याय मंडळाच्या आदेशाची प्रत वकिलाला दाखवा. आणि मुलांना असल्या कामाला लावणाऱ्या प्रौढांना त्याच कायद्याच्या कलम ८३ खाली सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि पाच लाख दंड आहे, हे पालकांनी तक्रार करताना अर्जात लिहावं. ठाण्यात ते कलम बऱ्याचदा लावायचं राहून जातं.

केस संपली असेल तर निकालाची किंवा समरी (केस बंद करण्याचा पोलिसांचा अहवाल) मंजूर झाल्याच्या आदेशाची प्रमाणित प्रत आत्ताच काढून ठेवा. पडताळणी आल्यावर नक्कल अर्ज केला तर मुदतीत प्रत हातात पडेलच असं नाही.